त्साइदीच्या पोथीची साथ

यिन्शी गावात वारलेल्या माणसाचं तिसऱ्या वर्षाचं कार्य तिथीच्या अलीकडे ओढलेलं चालतं, पलीकडे ढकललेलं चालत नाही. आठ दिवस आधी करा, महिनाभर आधी करा, गेलेला जीव रागावत नाही. पण तिथी उलटली, त्या दिवसाचा सूर्य कालव्यापल्याड बुडाला, की तीन वर्षं घरात आसन देऊन बसवलेला तो जीव उठायला तयार होत नाही. मग तो उंबऱ्यात अडकतो. घरचाही राहत नाही आणि देवाघरचाही होत नाही.

हे फेई सूयुनला कुणी सांगायची गरज नव्हती. तिचे वडील फेई ग्वानलिन त्या पट्ट्यातले पोथी गाणारे शेवटचे गुरुजी, आणि आई त्साइदी एकेचाळीस वर्षं त्यांच्या साथीला बसलेली. पोथी उघडली की आधी देवांना बोलवायचं, मग गेलेल्या जीवाला नावानं हाक मारायची, आणि एकदा हाक मारली की निरोप दिल्याशिवाय जागचं उठायचं नाही. मधलं आख्यान दोन तास चालो नाहीतर पाच. गाणारा लाकडी माशावर, माशाच्या आकाराच्या पोकळ वाद्यावर, टोला देत ओळ म्हणतो, साथीचा माणूस ओळीच्या शेवटी अमिताभ बुद्धाचं नाम घेतो, ‘नमो अमितोफो’, आणि त्या नामाच्या पायरीवर पाय ठेवून पुढची ओळ वर चढते. नाम आलं नाही तर ओळ लोंबकळत राहते. आसपासच्या गावांतले लोक म्हणायचे, गातात गुरुजी, पण आपण जातो ते त्साइदीचं नाम ऐकायला.

आता त्साइदीलाच निरोप द्यायचा होता, आणि साथीला सूयुनशिवाय कुणी उरलं नव्हतं. मंग काकू अर्धांगानं अंथरुणाला खिळलेल्या, म्हातारा छियन गेल्या थंडीत गेला. सूयुन लहानपणी आईच्या मांडीला मांडी लावून बसलेली, तिला कुठं नाम लांबवायचं, कुठं तोडायचं, सगळं ठाऊक. पण सूयुन गाइड होती. गाव बघायला येणाऱ्या बसमधून माणसं उतरवायची, झेंडा उंच धरून तीन पूल, दोन वाडे, एक देऊळ दाखवायचं आणि संध्याकाळी मोजून परत बसमध्ये भरायची. तिथीच्या आधीचे सगळे दिवस तिनं असेच खाऊन टाकले होते.

“या शनिवारी उरकून घेऊ,” आबा म्हणाले होते.

“शनिवारी दोन बस आहेत, आबा.”

“मग बुधवारी.”

“बुधवारी शाळेची सहल. चारशे पोरं.”

असं होत होत आबांनी एके दिवशी पंचांग मिटून ठेवलं. “संपलं. आता सरकायला जागा नाही. तिथीच उरली.”

“तिथीला नक्की. कुणीही येऊ दे, मी जाणार नाही.”

“लिहून देऊ का तसं तुझ्या आईला?”

“आबा, टोचून नका बोलू.”

“टोचत नाही. विचारतो.”

तिथीच्या दिवशी सकाळी सातला थान साहेबांचा फोन आला. गावचं पर्यटन चालवणाऱ्या कंपनीचे हे व्यवस्थापक. वयानं सूयुनपेक्षा लहान, आवाज तुपात घोळलेला. दुसऱ्या गाइडला ताप आला होता, छांगचौच्या थर्मास कारखान्यातली निवृत्त माणसं निघाली होती, बेचाळीस जण.

“साहेब, आज माझ्या आईचं...”

“माहीत आहे मला. मीच नाही का घर दिलं गुरुजींना आजच्यापुरतं? तुझं ते करच तू. मी कशाला अडवू? फक्त या लोकांना फिरवून आण. आणि हे बघ, गाइडांच्या नव्या करारांचे कागद या आठवड्यात वर जायचेत. आजच्या दिवशी मला तुझं नाव ‘आली नाही’ म्हणून लिहायला लावू नकोस.”

 सूयुन वर्षानुवर्षं माणसांचा दिवस मिनिटांत कापत आलेली बाई. तिच्या डोक्यात लगेच गणित बसलं. दहा चाळीसला तसाही सकाळचा गट आबांच्या घरी यायचाच. कालव्याकाठचं ते जुनं घर आता कंपनीकडे. गावातले बाकीचे लोक गाड्यांच्या तळापलीकडच्या इमारतींत राहायला गेले, पण ओटीवर बाकं टाकून आबा तिथं दिवसातून चार वेळा बारा बारा मिनिटं वाढदिवसाची पोथी गाऊन दाखवायचे. साथीला यंत्र. यंत्रातून नाम निघायचं. मागच्या खोलीत मात्र त्साइदीचं आसन होतं. तिचा फोटो, नावाची कागदी पाटी, रोजचा चहाचा पेला. तेवढं आबांनी कुणाला हलवू दिलं नव्हतं.

म्हणजे आबांनी आठला पोथी उघडण्याऐवजी दहा चाळीसला उघडायची. गट बाकांवर बसेल, बारा मिनिटं ऐकेल. ती झेंडा ठेवून साथीला बसेल. बारा मिनिटांनी गटाला सांगायचं, आता साडेतीनपर्यंत मोकळे, जेवा, फिरा. ते पांगतील, ती उठणारच नाही. साडेतीनच्या आत निरोप, पाटी अग्नीला. सूर्य पाचला बुडतो.

आबांनी हे सगळं ऐकून घेतलं. करड्या झग्याची बटणं लावता लावता म्हणाले, “म्हणजे तुझ्या आईला बोलवायचं ते परक्या माणसांसमोर.”

“बाराच मिनिटं, आबा. त्यांना काही कळत नाही, पोथी आपल्या बोलीत आहे. नुसते बसतात, फोटो काढतात.”

“ते मला सांगतेस? मी रोज बघतो त्यांना.” शेवटचं बटण त्यांच्या बोटांना सापडेना. सूयुननं पुढे होऊन ते लावलं. “एक लक्षात ठेव पोरी. हाक मारेपर्यंत तू मालक. हाक मारली की मग तूही नाही नि मीही नाही.”

“कळतंय मला.”

“बघू,” आबा म्हणाले.

बस पंचवीस मिनिटं उशिरा आली. लाल टोप्या घातलेली बेचाळीस माणसं खाली उतरली, त्यातली निम्मी थेट मुतारीकडे गेली. कारखान्यात एकमेकांशी तीस तीस वर्षं भांडलेली माणसं. त्यांना गावापेक्षा एकमेकांतच जास्त रस. सगळ्यांच्या मध्ये एक जाडजूड गृहस्थ, गेंग वस्ताद. काचेच्या भट्टीवरचे मुकादम होते, अजून लोक त्यांना वस्तादच म्हणत. त्यांच्या हातात कापडात बांधलेला डबा होता आणि तो ते दुसऱ्या कुणाच्या हातात देत नव्हते.

“वस्ताद, द्या की डबा, मी धरतो,” एक जण म्हणाला.

“तुझ्या हातात थर्मास दिले तर तू फोडायचास. डबा कसला देतोय.”

“अहो, आता आम्ही वरच्या जागेवरनं निवृत्त झालोय.”

“वरच्या जागेवरनं म्हणजे गच्चीवरनं. झाडू मारायचास गच्चीवर.”

हशा झाला. सूयुनही हसली, कारण गाइडनं हसायचं असतं. तिचं लक्ष घड्याळात. पहिल्या पुलावर फोटोंसाठी माणसं एकेक करून उभी राहिली. दुसऱ्या पुलाच्या पायऱ्यांवर वस्तादांची बायको दम खायला बसली, आणि बसल्या बसल्या तिनं नवऱ्याच्या सदऱ्याची बाही वर सरकवली तेव्हा आतून लाल कापड दिसलं. मग सूयुननं नीट पाहिलं, बनियन लाल, पायमोजे लाल, कमरेला लाल गोफ.

सूयुनच्या हातातला झेंडा जरा खाली आला.

“मावशी, वस्तादांचा आज...?”

“अगं, सहासष्टावा वाढदिवस. हे लाल त्यासाठीच. तुमच्या कागदावर लिहिलंय की. गाव बघायचं, तीन पूल चढायचे आणि तुमच्या त्या गुरुजींकडनं वाढदिवसाची पोथी ऐकायची, म्हणून तर आलो. डब्यात लेकीनं केलेले मांसाचे सहासष्ट तुकडे आहेत. पोथी झाली की खायचे, आधी नाही.” मग ती आवाज खाली आणून म्हणाली, “दाखवत नाहीत, पण घाबरलेत. थोरले भाऊ सहासष्टाव्यातच गेले. यमराजानं यादी काढली की या वर्षी एक फेरी मारतोच म्हणतात. तेवढी एक पोथी कानावर पडली की सुटलो.”

सूयुननं फोन काढून बघितलं. सकाळी फोनवर आलेल्या कागदावर तिनं माणसं किती, जेवण कुठं, बसचा क्रमांक काय, एवढंच वाचलं होतं. खाली दुसऱ्या पानावर ते होतं. लाल अक्षरांत.

सहासष्टीच्या माणसाला मेलेल्याच्या आसनासमोर नेऊन बसवायचं हे यिन्शीतला कुत्राही करणार नाही. असं ऐकलं तर सूयुननं स्वतः दुसऱ्या गाइडला शिव्या घातल्या असत्या. अजूनही वेळ होता. गटाला देवळात अर्धा तास जास्त ठेवता आलं असतं. थान साहेबांना फोन करता आला असता. आबांना निरोप धाडता आला असता की आधी वाढदिवसाची म्हणा, मग आईची. पण आबा नाही म्हणतील हे तिला माहीत होतं, आणि उन्हाळ्यात बर्फ वितळावा तसा दिवस वितळत होता. तिनं मनाशी म्हटलं, छांगचौची माणसं, आपली बोली त्यांना अर्धीमुर्धी कळते. नाम तेच, लाकडी मासा तोच, चाल थोडी वेगळी. आसन मागच्या खोलीत आहे, पडदा ओढलेला असेल. कोणती पोथी आहे ते त्यांना काय कळणार? वस्ताद टाळ्या वाजवतील, तुकडे खातील, सुखानं घरी जातील.

देवाच्या दारात माणूस अशी हिशेबी लबाडी करतो तेव्हा ती लबाडी आहे हे त्याला कळत असतं. सूयुनलाही कळत होतं. ती पाय उचलून चालत राहिली.

अकरा वाजून दहा मिनिटांनी गट घरात शिरला. आबांनी पडदा ओढलेला नव्हता. उलट आसन मागच्या खोलीतून उचलून ओटीवर आणलं होतं. का नाही आणणार? त्साइदीचं तिसरं वर्ष होतं, ती काय मागच्या खोलीतून निघून जाणार होती? मेणबत्त्या पेटल्या होत्या. फोटोतली त्साइदी बाकांवर बसणाऱ्या माणसांकडे पाहत होती, एखादी घरधनीण पाहुण्यांकडे पाहते तशी. आबांच्या उजवीकडे साथीचं बुटकं स्टूल रिकामं.

सूयुननं झेंडा भिंतीला टेकवला, कमरेचा लाऊडस्पीकर बंद केला आणि स्टुलावर जाऊन बसली. तिला वाटलं, आता जे व्हायचं ते होवो. आबांनी तिच्याकडे पाहिलं नाही. त्यांनी पोथीवरचं पिवळं फडकं काढलं, लाकडी माशावर पहिला टोला दिला.

लोक हो, म्हातारा कसा गायला ते ऐकायला हवं होतं. वर्षानुवर्षं बारा मिनिटांचं दुकान चालवून त्यांचा गळा कोरडा पडलाय असं सगळे म्हणायचे. पण त्या दिवशी पहिली ओळ उचलली तशी बाहेर कालव्यातली नाववाली वल्हं धरून थांबली. आबांनी पूर्वेच्या देवाला बोलावलं, पश्चिमेच्या देवाला बोलावलं, चूलदेवतेला बोलावलं, आणि प्रत्येक ओळीखाली सूयुन नाम ठेवत गेली. तिसऱ्या चौथ्या ओळीला तिचा स्वतःचा आवाज तिला ओळखू येईना. तो आईचा होता, नाकात जरासा अडकून मग सुटणारा.  आणि आबांनी हाक मारली.

“पान घराण्याची लेक, फेई घराण्याची सून, त्साइदी, ये. दार उघडं आहे. ये.”

“नमो अमितोफो,” सूयुन म्हणाली.

बाकांवरचे फोन वर झाले. वस्तादांची बायको डोळे मिटून बसली होती, तिचे ओठ हलत होते. आणि गेंग वस्ताद उठून उभे राहिले.

त्यांचा चेहरा भट्टीतून काढून थंड झालेल्या काचेसारखा झाला होता. “ही वाढदिवसाची नाही,” ते म्हणाले. “ही मी ऐकलीय. थोरल्याच्या तिसऱ्या वर्षाला आमच्याकडे हीच म्हटली होती.”

“बसा हो वस्ताद,” कुणी तरी म्हणालं.

“बसा काय बसा? तो फोटो कुणाचा? मला मढ्यासमोर आणून बसवलंय. सहासष्टीच्या दिवशी. माझ्या अंगावर लाल आहे आणि समोर पांढऱ्या मेणबत्त्या.”  ते ओरडत नव्हते. “बाई, तुम्ही बघितलं होतंत माझं लाल. पुलावर. तुम्ही माझ्या बायकोशी बोललात.”

 आबांनी पुढची ओळ म्हटली. त्यांच्यापुरता दुसरा रस्ताच नव्हता. सूयुननं सवयीनं नाम घेतलं.

दोन मिनिटांत थान साहेब आले. गल्लीत काय चाललंय ते त्यांच्या फोनवर कुणीतरी कळवलं होतंच. त्यांनी दारात उभं राहून सगळं पाहून घेतलं, वस्तादांपुढे कमरेत वाकून तीनदा माफी मागितली, मग ओटीवर येऊन आबांच्या कानाशी वाकले.

“गुरुजी, थांबवा. वाढदिवसाची लावा. त्यांचं अशुभ धुतलं जाईल.”

आबांनी नकारार्थी मान हलवली आणि ओळ म्हटली.

“गुरुजी, पाच मिनिटांचं काम. ती पोथी मग पुन्हा सुरू करा.”

आबा ओळीतूनच बोलल्यासारखं बोलले, “ती आली आहे. आता तिला काय सांगू, बाहेर उभी राहा?”

थान साहेब सरळ झाले. माणूस हुशार. रोज बारा मिनिटांची पोथी ऐकून ऐकून त्यांना एवढं कळलं होतं की हा गाडा दोन चाकांवर चालतो. त्यांनी म्हाताऱ्याला हात लावला नाही. ते वाकून सूयुनच्या कानाशी म्हणाले, अगदी प्रेमानं, “सूयुन, तू गप्प बस. एवढंच कर. मी काही सांगत नाही, भांडत नाही. तू फक्त गप्प बस.”

आबांनी ओळ म्हटली. ती त्साइदीनं परलोकाच्या वाटेवरचा पहिला पूल ओलांडल्याची ओळ होती. लाकडी माशावर टोला दिला आणि थांबले.

सूयुननं तोंड उघडलं. समोर बेचाळीस लाल टोप्या, मध्ये एक घाबरलेला म्हातारा डबा छातीशी धरून उभा, बाजूला थान साहेबांचे चकचकीत बूट. तिच्या मनात तेव्हा आई नव्हती. करारांचे कागद होते, या आठवड्यात वर जायचे. तिनं तोंड मिटलं.

आबांनी तीच ओळ पुन्हा म्हटली. थोड्या संथपणे, जणू लेकीचा सूर चुकला असेल, तिला पकडायला वेळ द्यावा तसं. टोला. थांबले.

 फोनच्या कॅमेऱ्यांचा टिकटिक आवाज.

वस्तादांच्या बायकोनं हळूच, अगदी श्वासात, म्हटलं, “नमो अमि—”

“गप,” वस्ताद म्हणाले. “कुणाच्या वाटेला जातेस?”

 आबांनी तिसऱ्यांदा ओळ म्हटली. या वेळी त्यांनी सूयुनकडे पाहिलं. त्या नजरेत राग असता तर बरं झालं असतं. पुलावर थांबलेल्या माणसानं मागून येणाऱ्याची वाट पाहावी, तसं ते पाहत होते. सूयुननं आपल्या गुडघ्यांकडे पाहिलं.

मग आबांनी पोथीवर पिवळं फडकं टाकलं. त्यांनी ते चारही कोपरे सारखे करून टाकलं. त्यांच्या हातांना घाई नव्हती. म्हणाले, “वाढदिवस कुणाचा? या, पुढे बसा.”

थान साहेबांनी त्साइदीचा फोटो उलटा करून भिंतीकडे वळवला, पांढऱ्या मेणबत्त्या फुंकल्या, लाल लावल्या. कुणीतरी साथीचं यंत्र लावायला गेलं, तर ते म्हणाले, “यंत्र नको. वस्तादांना त्रास झालाय. सूयुन स्वतः म्हणेल.” आणि सूयुननं म्हटलं. वस्तादांना शंभर वर्षं मिळोत, नमो अमितोफो. पाइन झाडासारखी तब्येत राहो, नमो अमितोफो. प्रत्येक ओळीला, मोकळ्या गळ्यानं, एकही न चुकता. शेवटी वस्तादांच्या डोळ्यांत पाणी आलं, लोकांनी टाळ्या वाजवल्या. वस्ताद चांगले होते मनानं, त्यांनी जाताना आबांचे दोन्ही हात हातात घेतले आणि म्हणाले, “गुरुजी, तुमचा आवाज लाखात एक.”

“तुम्ही सुखी राहा,” आबा म्हणाले.

आता इथं एक गोष्ट सांगितल्याशिवाय पुढे जाता येत नाही. बारा वाजले होते. तिनं ठरवल्याप्रमाणे साडेतीनपर्यंत गट मोकळा होता. सूर्य डोक्यावर होता. ती जेवायला न जाता त्या स्टुलावर जाऊन बसली असती, तर कदाचित आबांनी फडकं काढलं असतं, कदाचित नसतं. तिला विचारता तरी आलं असतं. थान साहेब निघून गेले होते. तिला अडवणारं कुणी नव्हतं.

ती गटाबरोबर खाणावळीत गेली. वस्तादांच्या बायकोनं तिला आपल्या शेजारी ओढून बसवलं. “पोरी, तुझ्या पोटात काही वाईट नव्हतं, मला कळलं. खा.” वस्तादांनी डबा उघडला, सहासष्ट तुकड्यांतले तुकडे जेवणाच्या काड्यांनी उचलून खायला सुरुवात केली, सगळे मोठ्यानं मोजत होते, एक, दोन, तीन. चाळिसाव्याला वस्तादांना उचकी लागली.

“काचेच्या भट्टीवर अशी उचकी लागली असती तर?”

“तुझ्या तोंडात भट्टी घातली असती. मोज.”

सूयुनपुढे शेवयांचा वाडगा आला. लांब, न तुटणाऱ्या, आयुष्य लांबवणाऱ्या शेवया. तिनं त्या खाल्ल्या. दर पाच मिनिटांनी तिच्या मनात येई, आता उठू. आणि दर वेळी तिला दिसे ती आबांची नजर, आणि ती म्हणे, अजून पाच मिनिटं. तिनं इकडचा धुरावलेल्या सोयाबीनच्या दाण्यांचा चहा घेतला, दुसरा घेतला. वस्तादांच्या आरोग्यासाठी तिला प्यायला लावलं तेव्हा ती उठून उभी राहिली आणि दोन शब्दही बोलली. ती चांगलं बोलायची. तिचं कामच ते.

तीन वाजता तिला राहवेना. बस साडेतीनला सुटणार होती. ती गल्लीतून पळत सुटली, झेंडा हातातच.

आबा ओटीवर बसले होते. बाकं भिंतीला लावून ठेवली होती. त्साइदीचा फोटो सरळ केला होता, आणि त्याच्यासमोरच्या पत्र्याच्या डब्यात कागदाची राख होती. आसन मोडलं होतं. चहाचा पेला धुऊन उपडा घातला होता. अजून खोलीत कागद जळल्याचा वास होता.

“आबा,” सूयुन म्हणाली. “तुम्ही... साथीला कोण होतं?”

“कुणी नव्हतं.”

“मग?”

“ओळ म्हणायचो. थांबायचो. तुझी आई जेवढा वेळ घ्यायची तेवढं थांबायचो. मग पुढची म्हणायचो.” त्यांचा आवाज फाटला होता, शब्दांच्या कडा गेल्या होत्या. “तीन पूल, सात दारं, निरोप. सगळं. तुमचं जेवण होईतो झालं.”

“तसं चालतं का, आबा? साथीशिवाय?”

“नाही चालत.”

“मग ती...”

“मला काय माहीत?” आबा म्हणाले. “माझ्या गुरूंनी सांगितलं तसं चालत नाही. पहिल्या पुलावर तिला थांबवून ठेवलं होतं, तशी तर ठेवता येत नव्हती. मी तिला ढकललं. पोचली की नाही ते मला कोण सांगणार?”

सूयुननं झेंडा जमिनीवर ठेवला आणि साथीच्या स्टुलाजवळ गेली. सूर्य अजून पलीकडच्या छपरांवर होता, बुडायला चांगले पावणेदोन तास. तिला रडायचं होतं पण रडायची लाज वाटली. “निरोपाची शेवटची एक ओळ म्हणा, आबा. एकच. मी नाम घेते. बाकीचं नाही तर नाही. शेवटच्या ओळीला तरी तिच्यामागे माणसाचा आवाज असू दे.”

आबा उठले.  तिला वाटलं, ते पोथीकडे निघाले. ते दाराकडे गेले. भिंतीला टेकवलेल्या दाराच्या फळ्यांतली पहिली उचलून त्यांनी खाचेत बसवली.

“आबा, मी काय म्हणते...”

त्यांनी तिच्याकडे वळून पाहिलं, आणि रोज चार वेळा जो आवाज बाकांवरच्या माणसांसाठी काढतात त्या आवाजात, त्या मऊ, झुकलेल्या आवाजात म्हणाले, “घर बंद झालं, पाहुणे. उद्या साडेनऊला या.”

“मी सूयुन आहे, आबा.”

“हो. गाइडनाही आत थांबता येत नाही. कंपनीचा नियम आहे.”

त्यांनी दुसरी फळी उचलली आणि ती धरून उभे राहिले, लेक बाहेर पडेपर्यंत. फळी त्यांनी खाली टेकवली नाही. सूयुन उंबरा ओलांडून गल्लीत आली. तिसरी, चौथी, पाचवी. एकेक फळी आतून खाचेत बसत गेली आणि आतलं घर बारीक होत गेलं, आधी फोटो दिसेनासा झाला, मग स्टूल, मग त्यांचा करडा झगा. शेवटच्या फळीला त्यांना जोर लागला. पूर्वी ती फळी बाहेरून त्साइदी ढकलायची. सूयुननं दोन्ही तळवे लावून ती ढकलली. आतून आबांनी फळी तशीच धरून ठेवली, तिच्या जोरानं ती बसू दिली नाही. तिनं हात काढल्यावरच ती खाचेत गेली.

फोन वाजला. थान साहेब होते.

“कुठं आहेस? वस्ताद फार खूश आहेत. कारखान्याच्या आणखी तीन बस पाठवतो म्हणाले, पण गाइड तूच हवीस, नाम घ्यायला. मी हो म्हटलंय. उद्यापासून यंत्र बंद, तू रोज बस साथीला. गुरुजींना सांगशील ना?”

सूयुन बंद फळ्यांसमोर उभी होती. आत पावलं वाजली आणि मागच्या खोलीकडे गेली.

“सांगते,” ती म्हणाली, आणि झेंडा आतच राहिला हे लक्षात आल्यावर रिकामा हात वर करून बसकडे निघाली.